उसन्या मुलींचा संघ

एखादी मोठी, कॉलेजात जाणारी मुलगी भर दिवसा, मोकळ्या मैदानात, बेंबीच्या देठापासून ओरडलेली तुम्ही शेवटची कधी ऐकलीत? साप निघाला म्हणून नाही, घरात कुणी गेलं म्हणून नाही, कुणी छेड काढली म्हणूनही नाही. दुसऱ्या मुलीला काहीतरी सांगायचं होतं आणि ती लांब उभी होती, एवढ्याचसाठी. आठवत नसेल तर संकोच करू नका. मी हा प्रश्न पुष्कळ घरांमध्ये विचारला आहे आणि बहुतेकांनी उत्तर म्हणून मला चहा विचारला आहे.

आत्मकथन लिहायचं माझं वय नाही, हे मला मान्य आहे. बाबा म्हणतात, "आधी केस तर पिकू देत." पण फुटबॉलमध्ये बाई फार लवकर म्हातारी होते. विद्यापीठाच्या संघाला वयाची अट असते. ती ओलांडली की आपण एका सकाळी उठतो आणि आपल्यासाठी कुठलीच टीम उरलेली नसते. पाय शाबूत, दम शाबूत, आणि खेळ मात्र संपलेला. माझ्याबरोबरच्या मुली त्या सकाळी लग्नाला, बँकेच्या परीक्षेला किंवा पोलीस भरतीला लागल्या. मी सोलापुरातल्या माझ्याच कॉलेजात तासिका तत्त्वावर फुटबॉल शिकवायला लागले. म्हणजे खेळाडू म्हणून मी मेले आणि त्याच मैदानावर मॅडम म्हणून जन्माला आले. एवढं झाल्यावर आठवणी लिहायला कुणाची परवानगी लागू नये.

आमचं घर पत्रकांचं होतं. बाबा सरकारी कचेरीत कारकून. दिवसभर दुसऱ्यांचे मसुदे लिहायचे आणि संध्याकाळी स्वतःचे. मुलींच्या वसतिगृहाबद्दल, वाचनालयाच्या वेळांबद्दल, जयंतीला वर्गणी कशी मागावी आणि कशी मागू नये याबद्दल. छापखान्यातून गठ्ठा आला की आम्ही भावंडं सतरंजीवर बसून घड्या घालायचो. घडी धारदार यावी म्हणून स्टीलच्या वाटीची कड कागदावरून फिरवायची. मागच्या गल्लीतल्या यंत्रमागांची खटखट, आईच्या हातातली भाकरी थापल्याचा आवाज आणि कागदावरून फिरणारी वाटी, असा आमच्या घरचा त्रिताल होता. आई दवाखान्यात नर्स. ती जेऊरची. तिथून येताना तिने भाषा जशीच्या तशी आणली होती आणि बाबांच्या शुद्ध मराठीला ती आयुष्यभर पुरून उरली. "घड्या झाल्या असल्या तर वाटी द्या हिकडं. चटणी काढायचीय," ती म्हणायची. शेंगाचटणीला छपाईच्या शाईचा वास येतो असं तिचं म्हणणं होतं. मला तो वास चटणीचाच वाटायचा, अजून वाटतो.

बाबांच्या प्रत्येक पत्रकात तीन मुद्दे असत. दोन मुद्दे म्हणजे तक्रार आणि चार म्हणजे बडबड, तीन मुद्दे असले की माणूस विचार करतो, असा त्यांचा सिद्धान्त. त्यामुळे आम्हीही घरात तीन मुद्द्यांतच बोलायचो. आमटीत मीठ कमी पडलं तर भाऊ म्हणायचा, "एक, मीठ कमी आहे. दोन, ते कालही कमी होतं. तीन, जबाबदारी निश्चित झाली पाहिजे." आई मिठाची बरणी त्याच्यासमोर आदळायची. तो चौथा मुद्दा असायचा. माझं नाव समता ठेवलं तेही एक पत्रक लिहीत असतानाच. आई सांगते, नाव विचारायला नर्स आली तेव्हा बाबा शाईचे हात घेऊन उभे होते आणि मथळा सांगावा तसं त्यांनी नाव सांगितलं.

फुटबॉल मी शिकले तो मुलांमध्ये. गल्लीच्या टोकाच्या मैदानावर मुलं खेळायची आणि मी आत घुसले. बाबांनी मला समान संधी या विषयावर इतकं ऐकवलं होतं की मला तिथे कुणाला विचारावं असं सुचलंच नाही. पुढे शाळा, कॉलेज, विद्यापीठ. मी सेंटर हाफ खेळायचे. ही जागा म्हणजे मैदानाच्या मधोमध उभं राहून सगळ्यांना सूचना देण्याची, तेव्हा ती मला का आवडली हे माझ्या घरच्यांना विचारायला नको. एकदा राज्याच्या संघात निवड झाली. बाबांनी लगेच पत्रक काढलं, 'आपली मुलगी मैदानात'. तीन मुद्दे, खाली माझा फोटो, सबंध पेठेत वाटप. मी गेले आणि अख्खी स्पर्धा राखीव खेळाडूंच्या बाकावर बसून, संत्री सोलून परत आले. शेजारी मागवाल्यांच्या घरातल्या नरसम्मा अक्का राहायच्या. घरात तेलुगू, आमच्याशी मराठी, आणि थट्टा मात्र दोन्हींत. दारातच त्यांनी मला गाठलं. "काय गं समता, बसायला एवढ्या लांब गेलतीस? आमच्याकडं पाट होता की." बाबांनी त्यावर खुलासा करणारं दुसरं पत्रक लिहायला घेतलं. आईने ते कागद चुलीजवळ नेऊन ठेवले आणि म्हणाली, "एवढ्यावर थांबा."

तर अशी कारकीर्द करून मी मॅडम झाले. पहिल्याच आठवड्यात प्राचार्या बाईंनी बोलावलं. त्या वाईट नव्हत्या. फक्त दमलेल्या होत्या. "समता, मागच्या वर्षी आपल्या मुलींचा संघ स्पर्धेला गेला आणि मुली पुरेशा नाहीत म्हणून न खेळता परत आला. मलाही वर उत्तर द्यावं लागतं. या वर्षी निदान पहिला सामना जिंकून दाखव. नाहीतर मुलींचा फुटबॉल बंद करते आणि संध्याकाळचं मैदान क्रिकेटच्या नेटला देते." मी तिथे समान संधीवर बोलायला तोंड उघडलं होतं. त्यांनी हात वर केला. "मुद्दे मला माहीत आहेत गं. मुली आण."

मी नोटीस लिहिली. आता मागे वळून पाहताना वाटतं, ती थोडी लांब झाली. तिच्यात स्त्रीच्या शरीरावर तिचाच हक्क, मैदान ही सार्वजनिक संपत्ती आणि खेळातली मक्तेदारी असे तीन भाग होते. सरावाची वेळ लिहायची राहिली. तरीही चौघी आल्या. त्यांतल्या दोघी हजेरी मिळते का विचारायला आल्या होत्या.

शेवटी मी माने सरांकडे गेले. सर आमच्या कॉलेजचे क्रीडाशिक्षक, मूळचे मंगळवेढ्याचे, आणि खो-खोशिवाय जगातला इतर कुठलाही खेळ हा माणसाने आळसापोटी शोधून काढलेला आहे अशा मताचे. त्यांच्याकडे मुलींची रांग होती. सोलापुरात खो-खोच्या पोरी जिथे पाहाव्या तिथे भेटतात. सरांनी माझं सगळं ऐकून घेतलं, हाताशी पडलेली शिट्टी बनियनला पुसली आणि म्हणाले, "पोरी, तुला मी ज्ञान देऊ शकत न्हाय, तुझ्याकडं लई हाय. मुली देतो. उसन्या देतो. शेजारणीला वाटी देतो तशा. खो-खोची स्पर्धा तुमच्यानंतर हाय. तवर वापर. पण वाटी जशी नेली तशी परत पायजे. कुटं चेपलेली चालणार न्हाय."

अशा माझ्याकडे उसन्या मुली आल्या. त्यांच्यात एक जोडी होती, तेजू आणि रूपाली. दोघी एकाच वर्गात, एकाच वयाच्या, पण नात्याने रूपाली ही तेजूच्या वडिलांची धाकटी बहीण. त्यामुळे तेजू तिला आत्या म्हणायची आणि रूपालीही ते मानाने वसूल करायची. डबा आधी तिने उघडायचा, खिडकीची जागा तिची. तिसरी पद्मा, विणकरांच्या घरातली, उंच आणि कमी बोलणारी. तिला मी गोलात उभं केलं, कारण ती जिथे उभी राहायची तिथून हलायची नाही.

पहिल्या दिवशी मी मुलींना गोल बसवून भाषण केलं. लोकशाही पद्धतीने संघ चालेल, कप्तान मतदानाने ठरेल, कुणी कुणाला हुकूम देणार नाही. तेजूने हात वर केला. "मॅडम, हे परीक्षेला आहे का? म्हणजे लिहून घेते." मग मी चेंडू बाहेर काढला आणि त्यानंतर जे झालं ते कुठल्याही देशातल्या कुठल्याही प्रशिक्षकाने पाहिलं नसेल. मी चेंडू घेऊन निघाले आणि तेजूला म्हटलं, माझ्याकडून काढून घे. ती तीरासारखी सुटली. मी पाय थांबवला आणि मागे वळले. तेजू नाही वळली. ती सरळ धावत गेली, गोलाच्या खांबापर्यंत पोहोचली, खांबाला हात लावून त्याला वळसा घातला आणि पलीकडून माझ्याकडे यायला लागली. खो-खोत पाठलाग करणाऱ्या मुलीला मधेच दिशा बदलता येत नाही. एकदा निघालं की निघालं, खांब ओलांडल्याशिवाय मागे फिरायचं नाही. दहा वर्षांची सवय होती ती. मोठा चेंडू दिसला म्हणून थोडीच जाणार. रूपालीने तर मला गाठलं, पाठीवर थाप मारली आणि कमरेवर हात ठेवून उभी राहिली. मी चेंडू घेऊन पुढे गेले.

"मॅडम, तुम्ही आउट आहात," ती म्हणाली.

"अगं, फुटबॉलमध्ये हात लावून कुणी आउट होत नाही."

"मग हात लावायचा कशाला?"

"लावायचाच नाही."

तिने तेजूकडे पाहिलं. "बघ. म्हणूनच माने सर म्हणतात हा आळशी लोकांचा खेळ आहे."

त्या दोन-तीन आठवड्यांबद्दल मी फार लिहिणार नाही. मी घसा फोडून सांगायचे, वळा, एकमेकींना नाव घेऊन हाक मारा, सांगा की कोण रिकामी आहे. मुली मान डोलवायच्या आणि खांबाला वळसा घालून यायच्या. नावाने हाक मारायला तर त्या अजिबात तयार नसत. इतक्या माणसांसमोर मोठ्याने कुणाचं नाव कसं घ्यायचं? मात्र 'खो' म्हणताना त्याच मुलींच्या आवाजाने शेजारच्या वर्गातले तास थांबायचे. घरी येऊन मी जेवताना त्रागा करायचे. बाबा म्हणायचे, "प्रबोधन कमी पडतंय." आई धपाट्यावर दही वाढत म्हणायची, "प्रबोधन झालंय लई. आता झोप."

एका सकाळी मी माने सरांचा सराव बघायला गेले. खरं तर अजून एखादी मुलगी ढापता येते का ते पाहायला. मैदानाच्या मधल्या पट्टीवर माझ्याच मुली उकिडव्या बसल्या होत्या आणि समोरची एक चपळ मुलगी हुलकावण्या देत पळत होती. तेजू तिच्या मागे सुटली. मुलगी फिरली. तेजू फिरू शकत नव्हती. तिने शेजारी बसलेल्या रूपालीच्या पाठीवर थाप मारून 'खो' दिला आणि पुढचं काम रूपालीने घेतलं. मुलगी पुन्हा फिरली, पुन्हा खो. पाहता पाहता त्या चपळ मुलीला कोपरा मिळेना. पाठलाग करणाऱ्यांतली एकही दमली नव्हती, कारण एकही लांब धावलीच नव्हती. दमली होती ती पळणारी. मी मातीत बसले. चेंडू घेतलेल्या खेळाडूवर असं पाळीपाळीने तुटून पडायला टीव्हीवरचे मोठे प्रशिक्षक प्रेसिंग म्हणतात, आणि त्यावर तासन् तास बोलतात. मीही बोलले होते. मुलींना ते लहानपणापासून येत होतं. फक्त मीच त्यांना ते विसरायला लावत होते.

त्या संध्याकाळी मी भाषण केलं नाही. म्हटलं, चेंडू ज्या मुलीकडे आहे ती पळणारी. तुम्ही खो-खो खेळा. सरळ जा, वळू नका, तिने दिशा बदलली की खो म्हणा, पुढची जाईल. मुलींनी एकमेकींकडे पाहिलं आणि मला वाटतं त्या दिवशी त्यांनी मला पहिल्यांदा शिक्षिका मानलं. पद्मा गोलातून म्हणाली, "आधीच सांगायचं की, मॅडम." माने सर कट्ट्यावर बसून बघत होते. जाताना माझ्याजवळ थांबले. "शेवटी आमच्याच दुकानातला माल, व्हय ना? पाटी बदलली नुसती."

पहिला सामना आमच्याच मैदानावर होता. सोलापूरची मुरमाड जमीन, ऊन असं की चेंडूलाही सावली हवीशी वाटावी. समोर करमाळ्याकडच्या एका कॉलेजचा संघ, अंगाने दणकट, एकसारखे मोजे घातलेल्या मुली. आमचे मोजे तीन रंगांचे होते. कुंपणाच्या बाहेर बाबा, आई आणि माने सर. बाबांना मी बजावलं होतं की इथे पत्रकं वाटायची नाहीत. प्राचार्या बाई खुर्ची टाकून बसल्या होत्या, आणि थोड्या अंतरावर क्रिकेटची मुलं जाळ्या घेऊन उभी होती. त्यांना कुणीतरी सांगून ठेवलं असावं.

पहिला अर्धा खेळ गोलाविना गेला. समोरच्या मुली चेंडू घ्यायच्या आणि दोन पावलांत आमची एक समोर. वळायच्या की दुसरी समोर. मैदानभर 'खो', 'खो', 'खो'. बघ्यांतल्या म्हाताऱ्यांना वाटलं खो-खोच चालू आहे, चेंडू चुकून आला असेल. मध्यंतरानंतर समोरच्या संघाच्या सरांनी पंचांकडे तक्रार केली. या मुली ओरडून आमच्या मुलींना बिचकवतात, असा आवाज या खेळात चालत नाही. पंच तरुण होते, नवीन होते, आणि नियमात खरोखरच काहीसं तसं आहे. प्रतिस्पर्ध्याचं लक्ष उडावं म्हणून ओरडायचं नसतं. पण आमच्या मुली आपल्याच मैत्रिणींना सांगत होत्या. पंचांनी शिट्टी मारली, समोरच्यांना फ्री किक दिली आणि बजावलं, पुन्हा खो ऐकला तर कार्ड.

आता इथे मी गप्प बसायला हवं होतं असं आई आजही म्हणते. मला आजही तसं वाटत नाही. मी रेषेवर गेले आणि म्हणाले, एक, हाक आणि धाक यांत फरक आहे. पंच म्हणाले, मॅडम, मागे व्हा. मी म्हणाले, दोन, मुलांच्या सामन्यात आया-बहिणींवरून ओरडतात तेव्हा ही शिट्टी कुठे असते? पंचांनी पिवळं कार्ड काढलं. शहाण्या माणसाने इथे थांबावं. पण दोन मुद्द्यांवर थांबणं माझ्या रक्तात नाही. तिसरा मुद्दा मी पूर्ण केला तेव्हा माझ्यासमोर लाल कार्ड होतं.

मला कुंपणाबाहेर जावं लागलं. बाबांचे डोळे पाणावले होते. "तिसरा मुद्दा फार उत्तम होता," ते म्हणाले. आई म्हणाली, "चौथा न्हाई सुचला हे नशीब. डॉक्टर बोलवावा लागला असता." माने सर सरकून मला जागा करून देत म्हणाले, "ये पोरी. हितनं सामना चांगला दिसतो. आन बोलताबी येत न्हाय." पंचांनी तेवढंही सांगितलं होतं: कुंपणाबाहेरून सूचना दिल्या तर सामना थांबेल. प्राचार्या बाईंनी कपाळावर हात ठेवला होता. क्रिकेटच्या मुलांनी जाळीची दोरी सोडायला घेतली.

आणि मैदानात माझ्या मुली मुक्या झाल्या होत्या. खो म्हणायची चोरी, नावाने हाक मारायची लाज. तेजू सरळ धावत जायची, समोरची वळायची आणि कुणीच पुढे यायचं नाही, कारण पाळी कुणाची हे सांगणारा आवाजच बंद केला होता. पद्माने एक चेंडू पोटावर घेतला, दुसरा पायाने लाथाडला. आता गोल होणार आणि आमचा खेळ बंद होणार, हे मला कुंपणाच्या जाळीतून चौकोना-चौकोनांत दिसत होतं. मी जाळी धरून ठेवली होती आणि आईने माझा दंड.

मग तेजू पुन्हा एकीच्या मागे सुटली. ती मुलगी फिरली. तेजू तशीच पुढे निघून जात होती आणि तिच्या तोंडून, विचार न करता, घरी ओरडायची तसा आवाज निघाला, "आत्ये, धर की!" रूपालीने धरली. चेंडू काढला, पुढे दिला. बाकीच्या मुलींना उमगलं. नाव घ्यायला लाज वाटते, पण नात्याने हाक मारायला कसली लाज? पुढच्या वेळी रूपालीने पद्माच्या पुढे उभ्या असलेल्या मुलीला हाक दिली, "आत्ये!" त्या मुलीने पुढचीला, "आत्ये!" दोन मिनिटांत आमच्या संघात सगळ्याच आत्या झाल्या. समोरच्या मुली आधी खो ऐकून सावध तरी व्हायच्या. आता त्यांना कळेना की ही आत्या कोण, ती नेमकी कुठल्या बाजूने येणार आहे. त्यांचे सर पुन्हा रेषेवर आले. पंचांनी खेळ थांबवून तेजूला बोलावलं. मैदान इतकं शांत झालं होतं की शब्दन् शब्द कुंपणापर्यंत येत होता.

"ही कोण आत्या?"

"ही सर. रूपाली. माझी सख्खी आत्या आहे. वडिलांना विचारा."

"आणि ती?"

"ती मानलेली."

"आणि गोलकीपर?"

तेजूने पद्माकडे नीट पाहिलं. "ती लांबची आहे, सर."

पंच हसू दाबत होते हे माझ्या बाजूने स्पष्ट दिसलं. पुस्तकात आत्याविरुद्ध नियम नव्हता. त्यांनी खेळ पुढे चालू केला. माने सर जाळीला टेकून इतके हसत होते की जाळी हलत होती, आणि बाबा गंभीरपणे म्हणाले, "नातेसंबंधांची ही व्याख्या प्रागतिक आहे."

गोल झाला तो दिसायला अगदीच गरीब. तिघी आत्यांनी मिळून चेंडू हिसकावला, तेजूने तो समोर मारला, तो एका बचाव करणाऱ्या मुलीच्या खांद्याला लागून रूपालीच्या गुडघ्यावर आदळला आणि लंगडत लंगडत आत गेला. रूपालीला तो गेलेला दिसलाही नाही. ती पाठमोरी होती. पण गोल तो गोल. नंतरचा वेळ पद्मा जागची हलली नाही. शिट्टी झाली तेव्हा प्राचार्या बाई खुर्चीवर उभ्या होत्या. पुढच्या सामन्यात आम्हाला सडकून मार बसला, तोही इथे नोंदवते, म्हणजे कुणी हा विजयाचा इतिहास समजू नये. पण बाईंनी शब्द पाळला. मुलींचा फुटबॉल चालू राहिला आणि जाळ्या होत्या तिथे परत गेल्या. माझ्या लाल कार्डाबद्दल त्यांनी मला समज दिली, तीही दोनच वाक्यांत. चांगल्या प्रशासक आहेत त्या.

स्पर्धा संपली त्याच्या दुसऱ्या दिवशी माने सर आले. मी त्यांची वाट पाहतच होते. "वाटी परत," ते म्हणाले. मी मुलींना बोलावलं. मतदान वगैरे घेतलं नाही. एकेकीला विचारलं, तुला काय खेळायचं आहे ते तू सांग. रूपाली म्हणाली, "मॅडम, राग मानू नका. मला हात लावून आउट करायला आवडतं. तुमच्यात कुणी आउटच होत नाही." तिच्यामागे बऱ्याचजणी गेल्या. पद्मा थांबली, कारण गोल ही एकच जागा आहे जिथे खांब तिचा स्वतःचा असतो. तेजू मधे उभी होती. आत्या एका बाजूला, चेंडू एका बाजूला. रूपालीने तिचा प्रश्न सोडवला. "ऱ्हा हितंच. घरी डबा तसाही मीच आधी उघडणार." सरांनी जाताना तेजूच्या डोक्यावर टपली मारली आणि मला म्हणाले, "एक वाटी ठेवून घेतलीस की गं." मी म्हटलं, दोन. ते म्हणाले, "मोजायला शिकलीस. आता तुझं बरं चालंल."

तर आमच्या संघात सध्या तेजू आहे, पद्मा आहे, आधीच्या चौघींपैकी दोघी आहेत, आणि या जूनमध्ये नाव घातलेल्या काहीजणी. अकरा होत नाहीत. बाईंनी साफ सांगितलं आहे की यंदा उसनवारी चालणार नाही, संघ स्वतःचा हवा. नाहीतर जे वाचलं तेही जाईल आणि त्या वेळी कुणी आत्या मदतीला येणार नाही. म्हणून तुम्हाला सांगते. तुमच्या घरात, जिन्याखालच्या बिऱ्हाडात, मागच्या गल्लीत बारावी झालेली एखादी मुलगी असेलच. तिला खेळता येतं का ते विचारू नका; येत नसलं तर उत्तम, मला कमी विसरायला लावावं लागेल. बूट नसले तरी चालतील. उद्या संध्याकाळी साडेपाचला तिला आमच्या मैदानाच्या मागच्या फाटकापाशी आणून सोडा. सोडून झालं की तिथे थांबू नका, तुम्ही बघत असलात तर ती ओरडणार नाही. घरी जा आणि भाकरी नेहमीपेक्षा दोन जास्त टाका, ती भुकेली येईल.